अखंड मापनाचें मोल

एखादी वस्तु एकदां मोजली म्हणजे तिचें मान कळतें. तीच वस्तु त्याच पद्धतीनें वर्षानुवर्षें मोजीत राहिलें म्हणजे तिचा स्वभाव कळूं लागतो. विज्ञानाच्या इतिहासांत मोठमोठ्या शोधांना जेवढा मान मिळाला, तेवढा या दुसऱ्या प्रकारच्या मोजणीला मिळालेला नाहीं. तिच्यांत चमत्कार नाहीं, आणि ती करणाऱ्याला तिचें फळ आपल्या हयातींत बहुधा दिसतही नाहीं. तरीसुद्धां निसर्गाचीं कांहीं रहस्यें केवळ याच वाटेनें माणसाच्या हातीं आलीं आहेत.

ईजिप्तमध्यें शेती नाईल नदीच्या पुरावर आणि सरकारी सारा शेतीवर अवलंबून असे. म्हणून कैरो शहरांतील रोडा बेटावर एक खोल कुंड बांधून त्यांत खुणा कोरलेला स्तंभ उभारण्यांत आला. आज तेथें दिसणारा स्तंभ इ. स. ८६१ मधील आहे. पण पाण्याच्या पातळीच्या नोंदी ६२२ पासून १२८४ पर्यंत जवळजवळ सलग मिळतात. नोंद करणाऱ्यांपुढें चालू वर्षाच्या पिकाची व साऱ्याची चिंता होती. परंतु त्या आणि तशाच दुसऱ्या दीर्घ नोंदी अभ्यासून हॅरल्ड हर्स्ट या जलशास्त्रज्ञानें १९५१ मध्यें असें दाखविलें कीं, भरपूर पाण्याचीं वर्षें आणि तुटीचीं वर्षें निव्वळ योगायोगानें यावीं त्याहून अधिक प्रमाणांत एकमेकांना लागून येतात. धरणांत किती पाणी सांठवावें याचा हिशेब त्यामुळें बदलला. दहावीस वर्षांच्या आंकड्यांतून ही गोष्ट कधींच दिसली नसती.

नाईलची ही मोजणी वर्षावारीची होती. अशाच चिकाटीची, पण तासातासाची मोजणी मुंबईस कुलाब्याच्या वेधशाळेंत झाली. ईस्ट इंडिया कंपनीनें १८२६ मध्यें ही वेधशाळा स्थापिली ती आकाशाचे वेध घेण्यासाठीं आणि बंदरांतील जहाजांना अचूक वेळ देण्यासाठीं. त्या काळीं गाउस, हुंबोल्ट प्रभृति शास्त्रज्ञांच्या प्रेरणेनें पृथ्वीच्या चुंबकशक्तीचें मापन निरनिराळ्या देशांत एकाच वेळीं करण्याची मोठी चळवळ सुरू झाली होती. प्राध्यापक ऑर्लेबार यांच्या देखरेखीखालीं १८४१ पासून कुलाब्यासही तें काम सुरू झालें. पुढें गणितज्ञ म्हणून प्रसिद्धि पावलेले केरो लक्ष्मण छत्रे यांनीं तरुणपणीं याच वेधशाळेंत नोकरी केली.

काम साधें, पण कंटाळवाणें होतें. टांगलेल्या चुंबकाची सूक्ष्म हालचाल दुर्बिणींतून पाहावयाची आणि आंकडा वहींत लिहावयाचा; दिवस असो कीं रात्र, उन्हाळा असो कीं पावसाळा. बहुतेक आंकडे कालच्यासारखेच येत. परंतु त्या सारखेपणाचें मोल एका दिवसांत प्रगट झालें.

ता. १ सप्टेंबर १८५९ रोजीं इंग्लंडांत रेडहिल येथें रिचर्ड कॅरिंग्टन हे सूर्यावरील डागांचें रेखाटन करीत असतां, एका डागसमूहावर डोळे दिपविणारा प्रकाश कांहीं मिनिटें चमकून गेला. पुरता एक दिवस लोटण्यापूर्वीं पृथ्वीवर प्रचंड चुंबकीय वादळ उठलें. तारायंत्रें बिघडलीं, आणि ध्रुवप्रदेशाकडचा प्रकाश क्यूबासारख्या उष्ण मुलखांतही दिसला. युरोपांतील कांहीं वेधशाळांत छायाचित्राच्या कागदावर आपोआप नोंद करणारीं यंत्रें होतीं. परंतु चुंबक इतका हालला कीं प्रकाशाची रेषा कागदाबाहेर गेली व ऐन वादळाचें माप हुकलें. कुलाब्यास तसें यंत्र तेव्हां नव्हतें. तेथें डोळ्यांनीं वाचन करणारीं माणसें होतीं, आणि वादळ दिसतांच त्यांनीं तासाऐवजीं कांहीं मिनिटांच्या अंतरानें आंकडे टिपले. क्षितिजसमांतर चुंबकीय बल सुमारें १,६०० नॅनोटेस्लांनीं, म्हणजे शेंकडा चारांच्या आसपास, घटल्याचें त्या नोंदींत आहे.

जवळजवळ दीड शतकानंतर, २००३ मध्यें, सुरुतानी, गोन्झालेझ, लखीना आणि ॲलेक्स या शास्त्रज्ञांनीं याच नोंदींवरून त्या वादळाच्या तीव्रतेचा अंदाज बांधला. हा प्रश्न निव्वळ पांडित्याचा नाहीं. मार्च १९८९ मधील, त्याहून पुष्कळच सौम्य अशा वादळानें कॅनडांतील क्वेबेक प्रांताचा वीजपुरवठा सुमारें नऊ तास बंद पडून साठ लाख लोक अंधारांत राहिले. १८५९ चें माप हाताशीं आहे म्हणूनच याहून भयंकर काय घडूं शकतें हें सांगतां येतें. आणि तें माप तरी कशाच्या आधारावर? आधींच्या शांत दिवसांच्या नोंदी नसत्या, तर बल किती घटलें हें कशावरून ठरविलें असतें? असामान्य दिवसाला अर्थ येतो तो सामान्य दिवसांच्या पायावर.

विसाव्या शतकाच्या आरंभीं या मालिकेवर संकट आलें. मुंबईंत विजेवर चालणाऱ्या ट्रामगाड्या येणार होत्या, आणि त्यांच्या प्रवाहामुळें कुलाब्याचीं नाजूक यंत्रें निरुपयोगी ठरणार होतीं. वेधशाळेचे पहिले भारतीय संचालक नानाभाई मूस यांच्या कारकीर्दींत समुद्रापलीकडे अलिबाग येथें अचुंबकीय साहित्याची नवी इमारत उभी राहिली. परंतु एक दार लावून दुसरें उघडणें एवढ्यानें भागणारें नव्हतें. जागा बदलली कीं आंकडा बदलतो. मग फरक पृथ्वींत पडला कीं जागेंत, हें कोणी सांगावें? म्हणून १९०४ ते १९०६ या काळांत दोन्ही ठिकाणीं एकाच वेळीं मापन करून दोहोंमधील अंतर निश्चित करण्यांत आलें, आणि नंतरच कुलाब्याचें चुंबकीय मापन थांबविण्यांत आलें. १९०७ मध्यें मुंबईंत विजेच्या ट्राम धांवूं लागल्या. पण धागा तुटला नाहीं. अलिबागेस तें काम आजही चालू आहे.

सर्वच मालिकांचें भाग्य इतकें थोर नसतें. हवाई बेटांतील मौना लोआ पर्वतावर चार्ल्स कीलिंग यांनीं १९५८ मध्यें हवेंतील कार्बन डायऑक्साइडचें अखंड मापन सुरू केलें. तेव्हां दहा लक्ष भागांत सुमारें ३१५ असलेलें प्रमाण आतां ४२० च्या वर गेलें आहे, आणि जगाच्या तापमानवाढीचा विचार या एका चढत्या रेषेवांचून होत नाहीं. तरी त्या रेषेंतही १९६४ मधील कांहीं आठवडे रिकामे आहेत. पैशाच्या ओढगस्तीमुळें मापन थांबलें होतें. बुडालेलें द्रव्य पुन्हा मिळवितां येतें. न मोजलेला दिवस पुन्हा मोजतां येत नाहीं.

राज्यें बदललीं, यंत्रें बदललीं, मोजणारे हात बदलले; पण मागच्याचा आंकडा पुढच्याच्या आंकड्याशीं जुळेल एवढी दक्षता प्रत्येकानें घेतली, म्हणून या वह्यांतून पृथ्वी आपला स्वभाव सांगूं शकली. अशा कामाला लागणारें द्रव्य थोडें आणि निष्ठा फार. ज्याचा उपयोग कोणास होईल हें ठाऊक नाहीं, असें काम चोख करणाऱ्या त्या अनाम कारकुनांचें ऋण विज्ञानावर मोठें आहे.