तेरची मातीची नाणी

आपल्या सोलापूरशेजारच्या धाराशिव जिल्ह्यातील तेर, म्हणजेच गोरोबाकाकांचे गाव, हेच प्राचीन तगर. इ. स. पहिल्या शतकातील ‘पेरिप्लस’ ही ग्रीक व्यापारी-मार्गदर्शिका सांगते की, पैठणपासून पूर्वेस दहा दिवसांच्या वाटेवरील या नगरातून गाड्या भरभरून कापड भडोचला जाई. (चादरींच्या शहरात बसून हे वाचताना मौज वाटते.)

तेरच्या मातीत रोमन नाण्यांच्या मृण्मय प्रतिकृती सापडल्या. काहींना दोरा ओवण्यासाठी भोक आहे. म्हणजे तो पैसा नव्हता, गळ्यातले लेणे होते! त्यावरून येथे ‘रोमन वसाहत’ होती असे ठोकून देणे मला घाईचे वाटते. रोमन प्रांतांत ज्या सम्राटांची मंदिरे उभी राहिली, त्यांचा चेहरा तगरच्या कारागिराने निव्वळ शोभेची नक्षी म्हणून साच्यातून काढला असावा.