आसेध, द्वाही आणि बंदोबस्त

बांधकामाच्या तंट्यांत न्यायालय पोलिसांचा बंदोबस्त देतें, ही केवळ इंग्रजी अमदानीची देणगी होय असा समज आहे. तो सर्वांशीं खरा नाहीं. नारदस्मृतींत वादीनें प्रतिवादीस घालावयाचा अटकाव, म्हणजे आसेध, चतुर्विध सांगितला असून कर्माचा आसेध हा त्यांपैकीं एक. तो मोडणारा दंड्य; परंतु भलत्यास आसेध घालणाराही दंड्यच. शिवाय शिल्पी कामांत असतां त्यास अडवूं नये, असें नारद स्पष्ट म्हणतो. हा विवेक आम्हांस फार मोलाचा वाटतो. मराठेशाहींत सरकारची द्वाही देऊन काम थांबवीत. 1908 च्या दिवाणी संहितेंत तात्पुरत्या मनाईहुकुमास 39 वी ऑर्डर आहे. पोलिसांची मदत मात्र न्यायालयें बहुधा कलम 151 खालील अंगभूत अधिकारानें देतात. कर्माचा आसेध व द्वाही काम थांबवीत. आजचा बंदोबस्त तें चालूंही ठेवतो, हा भेद लहान नव्हे.

वाळवे तालुक्यांतील आष्टा येथें आमच्या घराची एक भिंत शेजाऱ्याच्या हरकतीमुळें दोन पावसाळे कमरेइतकीच उभी आहे. निकाल आमच्या बाजूनें लागला, बंदोबस्ताचा अर्जही दिला. गवंडी मात्र केव्हांच दुसऱ्या कामास लागले.