पाठीवरचे पोते आणि डॉ. बाबा आढाव



गाढवाच्या पाठीवर किती ओझे लादावे, हे आपल्या देशात कायद्याने ठरलेले आहे. 1965 च्या केंद्रीय नियमांनी गाढवाला पन्नास आणि तट्टाला सत्तर किलोंची मर्यादा घातली. त्याच काळी धान्यबाजारातला हमाल शंभर किलोंचे पोते पाठीवर घेऊन थप्पी चढत होता. मुक्या जनावराची दाद लागली, बोलत्या माणसाची लागली नाही!

ही दाद मागण्यात ज्यांनी आयुष्य वेचले, ते डॉ. बाबा आढाव. जन्म 1930 चा, पुण्याचा. आयुर्वेदाचे शिक्षण घेऊन त्यांनी नाना पेठेत दवाखाना थाटला. भुसार बाजार जवळच. पाठ धरली, कंबर मोडली, गुडघे गेले म्हणून हमाल येत. औषधाने आराम पडला तरी पुन्हा तेच पोते उचलणे आलेच. रोगाचे मूळ हाडांत नव्हते, पोत्यात होते. आणि पोत्यावर काढा चालत नाही, तेथे संघटनाच लागते. 1955 च्या सुमारास हमाल पंचायत उभी राहिली. पुढे ते पुणे महापालिकेत नगरसेवक झाले आणि 1970 च्या दशकात ‘एक गाव एक पाणवठा’ या चळवळीसाठी गावोगाव हिंडले.

1969 साली महाराष्ट्रात माथाडी कायदा झाला. मुंबईत अण्णासाहेब पाटील यांनी माथाडींचा लढा उभारला होता. या कायद्याने मालक, कामगार आणि सरकार यांच्या प्रतिनिधींची मंडळे आली. मजुरी मंडळामार्फत मिळू लागली. ज्याचा मालक रोज बदलतो, त्यालाही भविष्य निर्वाह निधी मिळण्याची वाट झाली.

वजनाचा प्रश्न मात्र चिवट निघाला. 1967 साली आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने प्रौढ पुरुषासाठी पंचावन्न किलोंची शिफारस केली. भारताने त्या विषयीच्या करारास मान्यता दिली ती 2010 साली. पन्नास किलोंचे पोते ही हमाल पंचायतीची मागणी होती. आज सरकारी धान्याची पोती तेवढ्याच वजनाची असतात.

येथे एक मेख आहे. पोते निम्मे झाले, तेव्हा हमालीही निम्मी, असा हिशेब व्यापारी मांडतो. पण खेपा दुप्पट होतात, थप्पीच्या पायऱ्या दुप्पट चढाव्या लागतात. पाठ वाचली आणि पोट मारले, तर हमाल स्वतःच जड पोते मागेल. म्हणून वजन आणि दर यांची बोलणी एकाच बैठकीत झाली पाहिजेत.

डिसेंबर 2025 मध्ये बाबा गेले. आपल्या दोंडाईच्याचा मिरचीचा बाजार दूरवर प्रसिद्ध आहे. तेथे सौदा होतो तेव्हा मिरचीचा रंग पाहतात, तिखटपणा पाहतात. पोते उचलणाऱ्याची पाठही कोणी पाहावी, एवढेच या व्याख्यानाचे मागणे.