ज्वालामुखीवर पहारा कोणाचा? बॅरन बेटाची अडीचशे वर्षे

मुंबईच्या पूर्व किनाऱ्यावर माहुल गाव आहे आणि त्याच्या शेजारी ट्रॉम्बेची टेकडी. या परिसराचा काळा दगड म्हणजे सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी दख्खनवर थरांवर थर चढवत गेलेल्या लाव्हारसाचा वारसा. तो अग्नी केव्हाच निवाला. भारताच्या हद्दीत आज जागृत असलेला ज्वालामुखी एकच, अंदमान समुद्रातले बॅरन बेट. गंमत अशी की, त्याच्या निरीक्षणाच्या इतिहासात मुंबईचे नाव अगदी आरंभीच येते.

आर्चिबाल्ड ब्लेअर हा ‘बॉम्बे मरीन’ या ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबईस्थित आरमारातला अधिकारी. अंदमानच्या किनाऱ्याची मोजणी करण्याचे काम त्याच्याकडे होते. मार्च १७८९ मध्ये तो बॅरन बेटावर उतरला, तेव्हा उद्रेक ऐन भरात होता. धुराचे लोट आणि लालभडक धोंड्यांचा वर्षाव त्याने जवळून पाहिला. त्यातले काही धोंडे तीन-चार टन वजनाचे असावेत, असा त्याचा अंदाज होता. शंकूच्या उतारावरून गडगडत आलेले दगड त्याच्या माणसांच्याही पलीकडे जाऊन पडले. एवढ्या गडबडीतही या गृहस्थाने शंकूच्या उताराचा कोन नोंदवून ठेवला! पुढे पोर्ट ब्लेअर या गावाला ज्याचे नाव मिळाले, तो हाच.

त्याच्या दोन वर्षे आधी, १७८७ साली, बेटावरून उठणारा धूर एका जहाजावरून दिसल्याची नोंद आहे. १८०३-०४ च्या सुमारासही उद्रेक नोंदले गेले. मात्र या नोंदी वाचताना एक गोष्ट विसरता येत नाही. बेट निर्मनुष्य, पोर्ट ब्लेअरपासून सुमारे १३५ किलोमीटर ईशान्येला. जहाज जवळून गेले आणि त्यावरच्या कोणी लेखणी उचलली, तरच उद्रेकाची नोंद होणार. म्हणजे आपल्या हाती आहे तो ज्वालामुखीचा इतिहास कमी आणि जहाजांच्या ये-जा करण्याचा इतिहास अधिक. कोऱ्या वर्षांत डोंगर शांत होता की पाहणारेच नव्हते, हे कागद सांगत नाही.

एकोणिसाव्या शतकातली निरीक्षणाची एक पद्धत मात्र मोठी लोभस आहे. बेटावर उतरण्याच्या जागेजवळ गरम पाण्याचा झरा होता. तेथे पोहोचलेले जिज्ञासू त्यात उष्णतामापक बुडवीत आणि आकडा लिहून ठेवीत. शतक सरताना हा आकडा उतरत गेला. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या एफ. आर. मॅलेट यांनी १८८५ साली बॅरन व नारकोंडम या बेटांवर सविस्तर प्रबंध प्रसिद्ध केला. डोंगर थंडावत चालला आहे, असे वाटावे अशीच सारी चिन्हे होती.

१९९१ साली तो पुन्हा पेटला. जवळजवळ दीड शतकाच्या शांततेनंतरचा हा उद्रेक कित्येक महिने चालला. भूवैज्ञानिकांना निरीक्षणासाठी नौदल आणि तटरक्षक दलाच्या साधनांवर विसंबावे लागले. १९९४-९५ मध्ये पुन्हा उद्रेक झाला, आणि २००५ पासून तर मधूनमधून चालूच आहे.

निर्जन बेट पेटले तर बिघडते कोणाचे? उत्तर आकाशात आहे. २४ जून १९८२ रोजी ब्रिटिश एअरवेजचे लंडनहून ऑकलंडला निघालेले विमान, वाटेत मुंबईचा थांबा घेऊन, जावावरून जात होते. गालुंगगुंग ज्वालामुखीच्या राखेत त्याची चारही इंजिने बंद पडली. २६३ माणसे त्यात होती. विमान बरेच खाली आल्यावर इंजिने सुरू झाली आणि ते जकार्त्याला उतरले.

असाच प्रसंग १५ डिसेंबर १९८९ रोजी अलास्कात घडला. फरक इतकाच की, तेथे पहारा होता. अलास्का ज्वालामुखी वेधशाळा आदल्याच वर्षी स्थापन झाली होती आणि भूकंपमापकांनी रिडाउट पर्वताची हालचाल उद्रेकापूर्वीच टिपली होती. तरीही ॲमस्टरडॅमहून आलेले केएलएमचे विमान राखेत शिरले, चारही इंजिने बंद पडली, २४५ जण थोडक्यात वाचले. डोंगर पेटल्याचे ठाऊक होते. राखेचा ढग नेमका कुठे आहे, हे वैमानिकाला ठाऊक नव्हते. डोंगराची नाडी पाहणे आणि ढगाचा माग काढणे ही दोन निराळी कामे आहेत, हे त्या हिमाच्छादित प्रदेशात जगाला कळले. पुढे राखेच्या सूचना देणारी नऊ केंद्रे जगभर उभी राहिली. बॅरन बेटाच्या राखेची सूचना ऑस्ट्रेलियातल्या डार्विनहून निघते, आणि उपग्रह त्याच्या विवरातली उष्णता अवकाशातून टिपतात.

आणि तरीही जवळून पाहणे अजून योगायोगावर चालते. २३ जानेवारी २०१७ रोजी गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेचे पथक, अभय मुधोळकर यांच्या नेतृत्वाखाली, ‘सिंधु संकल्प’ जहाजावरून बॅरनजवळ समुद्रतळाचे नमुने गोळा करत होते. अचानक डोंगर राख ओकू लागला. जहाज मैलभर दूर नेऊन शास्त्रज्ञ पाहत राहिले : पाच-दहा मिनिटांचे लहान लहान उद्रेक. दिवसा फक्त राखेचे ढग दिसले. सूर्य मावळल्यावर विवरातून उसळणारी लाव्हाची तांबडी कारंजी आणि उतारावरून खाली येणारे ओघळ दिसू लागले.