केंगल हनुमंतय्या : वकिलीकडून विधान सौधाकडे

बंगळुरूच्या विधान सौधाशी ज्यांचे नाव कायमचे जोडले गेले, ते म्हैसूर राज्याचे दुसरे मुख्यमंत्री केंगल हनुमंतय्या हे मूळचे वकील. ज्या वास्तूने त्यांना कीर्ती दिली, तिच्याच बांधकामावरून त्यांच्यावर आरोप झाले आणि ती पूर्ण झाली त्याच वर्षी त्यांना पद सोडावे लागले.

रामनगरजवळील एका शेतकरी कुटुंबात १९०८ मध्ये त्यांचा जन्म झाला. म्हैसूरच्या महाराजा महाविद्यालयातून पदवी घेतल्यानंतर ते कायद्याच्या शिक्षणासाठी पुण्यास आले. १९३२ मध्ये कायद्याची पदवी संपादन करून त्यांनी बंगळुरूत वकिली सुरू केली. मात्र लवकरच काँग्रेसच्या चळवळीने त्यांना न्यायालयाबाहेर ओढले. संस्थानी राजवटीविरुद्धच्या लढ्यात त्यांना अनेकदा कारावास भोगावा लागला. संस्थानच्या प्रातिनिधिक सभेत आणि पुढे संविधान सभेत ते सदस्य होते. आपल्याला वीणेचे वा सतारीचे संगीत हवे होते, प्रत्यक्षात इंग्रजी बँडचे सूर मिळाले, अशा आशयाची टीका त्यांनी नोव्हेंबर १९४९ मध्ये राज्यघटनेच्या मसुद्यावर केली होती. देशी घडणीचा हाच आग्रह पुढे दगडात उतरला.

१९५२ च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीनंतर ३० मार्च रोजी त्यांनी मुख्यमंत्रिपदाची सूत्रे स्वीकारली. नव्या विधिमंडळाच्या इमारतीची पायाभरणी त्यापूर्वीच, १३ जुलै १९५१ रोजी, के. सी. रेड्डी यांच्या कार्यकाळात पंडित जवाहरलाल नेहरू यांच्या हस्ते झाली होती. मूळ आराखडा साधा होता. हनुमंतय्या यांनी तो बदलला आणि द्रविड शैलीचे खांब, घुमट व कोरीवकाम यांनी नटलेली भव्य वास्तू उभी करण्याचा निर्णय घेतला. बी. आर. माणिकम हे तिचे मुख्य वास्तुरचनाकार. पाहुण्या रशियन शिष्टमंडळाने शहरातील युरोपीय धाटणीच्या इमारती पाहून, तुमची स्वतःची वास्तुकला नाही काय, असे विचारले आणि तेथून ही कल्पना सुचली, असे सांगितले जाते. बांधकामावर कैद्यांनीही मजुरी केली. प्रवेशद्वारावरील ‘सरकारी काम हे देवाचे काम’ या अर्थाचे वाक्य आजही येणाऱ्याजाणाऱ्याचे लक्ष वेधते. समोरच तांबड्या रंगाची अठरा कचेरी आहे. राज्याचे उच्च न्यायालय तेथे भरते.

सुमारे पावणेदोन कोटी रुपयांचा खर्च त्या काळी डोळ्यांत भरणारा होता. गरीब राज्याला एवढा थाट परवडतो काय, हा विरोधकांचा प्रश्न गैरवाजवी म्हणता येणार नाही. खर्चातील कथित गैरव्यवहाराची चौकशीही झाली.

तथापि, केवळ इमारतीमुळे ते गेले असे मानणे अपुरे ठरेल. कन्नडभाषक प्रदेशांच्या एकीकरणास त्यांनी दिलेला पाठिंबा हेही त्यामागील मोठे कारण होते. विशाल राज्यात जुन्या म्हैसूरचे, विशेषतः वक्कलिग समाजाचे, वर्चस्व संपेल अशी भीती त्यांच्याच सहकाऱ्यांना वाटत होती. हनुमंतय्या स्वतः त्याच समाजाचे. तरीही ते मागे हटले नाहीत. पक्षांतर्गत असंतोष वाढत गेला आणि ऑगस्ट १९५६ मध्ये ते पायउतार झाले. अल्पकाळ कडिदाळ मंजप्पा मुख्यमंत्री होते. १ नोव्हेंबर १९५६ रोजी विशाल म्हैसूर राज्य अस्तित्वात आले, ते एस. निजलिंगप्पा यांच्या नेतृत्वाखाली. याच दिवशी मुंबई राज्यातील बेळगाव, कारवारकडील भाग म्हैसूरमध्ये गेला आणि मराठी भाषकांचा सीमाप्रश्न उभा राहिला, हे महाराष्ट्रातील वाचकांना सांगावयास नको.

त्यानंतर त्यांचे कार्यक्षेत्र दिल्ली झाले. १९६२ पासून सलग तीनदा ते बंगळुरूतून लोकसभेवर निवडून आले. मोरारजी देसाई १९६७ मध्ये उपपंतप्रधान झाल्यावर प्रशासकीय सुधारणा आयोगाचे अध्यक्षपद हनुमंतय्या यांच्याकडे आले. केंद्र-राज्य संबंधांपासून नोकरभरतीपर्यंतच्या विषयांवर या आयोगाने एकूण २० अहवाल दिले. १९६९ च्या काँग्रेस फुटीत निजलिंगप्पा एका बाजूला, तर हनुमंतय्या इंदिरा गांधी यांच्या बाजूला राहिले. केंद्रात त्यांनी कायदा खाते आणि १९७१-७२ मध्ये रेल्वे खाते सांभाळले.

१९७७ मध्ये बंगळुरू दक्षिण मतदारसंघात त्यांचा पराभव झाला. त्यांना हरविणारे जनता पक्षाचे के. एस. हेगडे हे सर्वोच्च न्यायालयाचे माजी न्यायाधीश होते. सेवाज्येष्ठता डावलली गेल्याने १९७३ मध्ये त्यांनी न्यायासन सोडले होते. पुढे ते लोकसभेचे अध्यक्ष झाले.

हनुमंतय्या यांचे १ डिसेंबर १९८० रोजी निधन झाले. बंगळुरूच्या शांतिनगर भागातील डबल रोड आता अधिकृतपणे के. एच. रोड म्हणून ओळखला जातो. ही आद्याक्षरे त्यांच्याच नावाची.