बोधी : एका नावाचा इतिहास

मागच्या पावसाळ्यात आमच्या वस्तीतल्या विहारात माझ्या धाकट्या भावाच्या बाळाचं नामकरण झालं. त्रिसरण-पंचशील झालं, भावजयीनं बाळाच्या कानात नाव सांगितलं आणि मग सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, 'बोधी'. बायकांनी टाळ्या वाजवल्या. मागं भिंतीला टेकून बसलेल्या आमच्या चुलत आजीनं विचारलं,

'नाव झ्याक हाय, पर पोरगा हाय का पोरगी?'

सगळे हसले. आजी हसली नाही. 'हसताय काय रं? नावावरनं कळाया नगं व्हय?'

आजीचा प्रश्न खरा होता. नावावरून कळलं पाहिजे, ही आपल्याकडची फार जुनी अट आहे. बाई की पुरुष ते कळलं पाहिजे, आणि त्याच्याही आधी जात कळली पाहिजे. ही अट कुठून आली आणि 'बोधी' हे नाव तिच्यात का बसत नाही, ते या लेखात सांगायचं आहे.

आजीचं नाव धोंडाबाई. तिच्या भावांची नावं दगडू आणि केरू. शेजारच्या आळीत एक भिकू, एक कचरू. आपल्यापैकी कुणाच्याही घरी दोन पिढ्या मागं गेलं की असलीच नावं सापडतात. आपले कार्यकर्ते भाषणात म्हणतात की ही नावं मनूनं ठेवली. हे अर्धंच खरं आहे आणि आपण अर्धं खरं बोलू नये.

मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात नाव ठेवण्याचे नियम आहेत. ब्राह्मणाचं नाव मंगल असावं, क्षत्रियाचं बळ दाखवणारं, वैश्याचं धनाशी जोडलेलं आणि शूद्राचं जुगुप्सित असावं. जुगुप्सित म्हणजे ऐकताच किळस यावी असं. पुढच्याच श्लोकात सांगितलंय की शूद्राच्या नावाचा दुसरा भाग चाकरी दाखवणारा असावा. त्याच्यापुढं बायकांच्या नावांचा नियम येतो. उच्चाराला सोपं, कानाला गोड, मनाला रिझवणारं, शेवटी दीर्घ स्वर असलेलं. म्हणजे पुरुषाच्या नावात त्याचा वर्ण दिसायचा आणि बाईच्या नावात तिचं बाईपण. ही झाली पोथीतली व्यवस्था.

पण धोंडू, दगडू ही नावं नुसत्या पोथीमुळं आली नाहीत. ती आईच्या भीतीतून आली. एकापाठोपाठ एक लेकरं दगावली की आई पुढच्या लेकराला दगडाचं, केराचं नाव द्यायची. मरणाला वाटावं, हे काय, केरच आहे, कशाला न्यायचा? ही युक्ती सगळ्या जातीत होती. महर्षी कर्व्यांचं नावही धोंडोच होतं, धोंडो केशव.

मग फरक कुठं पडला? नावाच्या शेपटीत. त्यांचा धोंडो 'धोंडोपंत' झाला आणि आमचा धोंडू 'धोंड्या'. त्यांचा गणू 'गणपतराव', आमचा 'गण्या'. दगड दोघांच्या वाट्याला आला, पण 'पंत' आणि 'राव' एकाच्याच. म्हातारा सत्तर वर्षांचा असला तरी गावातलं शेंबडं पोर त्याला 'ए दगड्या' म्हणून हाक मारायचं आणि म्हातारा 'जी' म्हणून उभा राहायचा. कोरेगावच्या जयस्तंभावर १ जानेवारी १८१८ च्या लढाईत पडलेल्या आपल्या शिपायांची नावं आहेत. त्या नावांच्या शेवटी 'नाक' लागतो. बाकीचं नाव झाकून नुसता तेवढा 'नाक' वाचला तरी माणूस कुणाचा ते कळतं.

बायकांची गत याहून वाईट. पोरगा केरू झाला तो जगावा म्हणून. पोरगी 'नकोशी' झाली ती नको होती म्हणून. हा जुना इतिहास नाही. २२ ऑक्टोबर २०११ ला सातारा जिल्ह्यात अशा मुलींची नावं बदलण्याचा सरकारी कार्यक्रम झाला. जिल्ह्यात शोध घेतला तेव्हा 'नकोशी' नावाच्या अडीचशेहून जास्त मुली निघाल्या होत्या. त्यात सगळ्या जातींच्या होत्या.

बाबासाहेबांना नावाचं हे राजकारण पुरतं ठाऊक होतं. ३१ मे १९३६ ला मुंबईच्या महार परिषदेत त्यांनी 'मुक्ती कोन पथे?' हे भाषण केलं. त्यात नावाचा प्रश्न आहे. लोक स्वतःला चोखामेळा म्हणवून घेतात, कुणी हरिजन म्हणतं, पण त्यानं काही साधत नाही, कारण नव्या नावामागं हिंदू माणूस जुनीच जात शोधून काढतो, असं त्यांचं म्हणणं होतं. नाव बदलायचं तर असं की त्यातून जात उकरून काढता येऊ नये, आणि असं नामांतर धर्मांतराशिवाय होत नाही. वीस वर्षांनी, १४ ऑक्टोबर १९५६ ला, नागपुरात ते झालं.

त्यानंतरच्या पाळण्यांत दगडू, केरू कमी होत गेले. सिद्धार्थ, गौतम, राहुल, आनंद, मिलिंद, सुजाता, यशोधरा, संघमित्रा आले. मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतरासाठी किती घरं जळली, किती माणसं गेली. १९७८ साली नांदेड जिल्ह्यात पोचीराम कांबळेंना मारलं. १९९३ साली नांदेडातच गौतम वाघमारेंनी स्वतःला जाळून घेतलं. एक नाव जुन्या वळणाचं, दुसरं धर्मांतरानंतरच्या पाळण्यातलं. दोघंही एका नावासाठीच गेले. १४ जानेवारी १९९४ ला नामविस्तार झाला. त्यामुळं 'नावात काय आहे?' असं आपल्याला कुणी विचारू नये.

पण मित्रहो, धर्मांतरानंतरच्या नावांतून जात पुसायला आपण निघालो तरी मनूची दुसरी अट तशीच ठेवली. पोरगा झाला तर सिद्धार्थ, पोरगी झाली तर सुजाता. दोन खोकी तयार. बाळ आलं की टाक त्यात. 'बोधी' कुठल्याच खोक्यात बसत नाही, म्हणून ते आपल्यात फारसं ठेवलं जात नाही. ठेवलं तरी लोक पोराच्या नावाला शेपूट लावून 'बोधिराज' करतात. खरं तर या नावाचा आपला इतिहास फार जुना आहे.

'बोधी' शब्द 'बुध्' या धातूतून आला. बुध् म्हणजे जागं होणं, उमगणं. बुद्ध म्हणजे जागा झालेला माणूस आणि बोधी म्हणजे ते जागं होणं. पाली भाषेत जाग या अर्थी हा शब्द स्त्रीलिंगी आहे. ती जाग ज्या पिंपळाखाली आली त्या झाडालाही बोधी म्हणतात. जाग ती, झाड तो. शब्दानंच दोन्हीकडं पाय ठेवलाय.

आता या नावाची माणसं पाहू.

मज्झिम निकायात पंच्याऐंशीवं सुत्त बोधिराजकुमाराचं आहे. हा कौशंबीच्या उदयन राजाचा मुलगा. भग्ग देशात सुंसुमारगिरीला त्यानं कोकनद नावाचा नवा वाडा बांधला होता. कुणी राहायला जाण्याआधी त्यानं भगवंतांना जेवायला बोलावलं आणि पायऱ्यांवर पांढरं कापड अंथरलं. भगवंत पायरीपाशी थांबले. राजकुमारानं पुन्हा पुन्हा विनवलं तरी कापडावर पाय ठेवीनात. शेवटी आनंदानं कापड उचलायला सांगितलं, तेव्हा ते वर गेले. अट्ठकथेत याचं कारण दिलंय. राजकुमाराला मूल नव्हतं. मला मुलगा होणार असेल तर भगवंत कापडावरून चालतील, असा कौल त्यानं मनात लावला होता. बुद्धानं त्या कौलावर पाय ठेवला नाही. मुलगा होईल का म्हणून आजही बुवा-बाबांकडं अंगारा आणायला जाणाऱ्यांनी ही गोष्ट ध्यानात ठेवावी.

अट्ठकथेत त्या वाड्याच्या सुताराचीही गोष्ट आहे. असा वाडा त्यानं दुसऱ्या कुणाला बांधून देऊ नये म्हणून त्याचे हातपाय तोडावेत किंवा डोळे काढावेत, असं राजकुमाराच्या मनात आलं. सुताराला खबर लागली. त्यानं लाकडाचा पक्षी केला आणि बायकापोरांसकट उडून गेला. गोष्टच आहे ती. पण राबणाऱ्याचे हात कुणाला खुपतात ते तिच्यात आलंय. नाव बोधी असलं म्हणून माणूस आपोआप जागा होत नाही, हेही आलंय.

सुत्ताच्या शेवटी एक प्रसंग आहे. राजकुमार धम्माची तोंड भरून स्तुती करतो. त्याचा सोबती संजिकापुत्र त्याला विचारतो, एवढी स्तुती करता, मग शरण का जात नाही? राजकुमार म्हणतो, असं बोलू नकोस. आणि आईकडून ऐकलेलं सांगतो. तो पोटात असताना त्याची आई कौशंबीच्या घोषितारामात भगवंतांकडं गेली होती. तिनं सांगितलं, माझ्या पोटात जे बाळ आहे, मुलगा असो की मुलगी, ते बुद्धाला, धम्माला, संघाला शरण जात आहे. पुढं तो लहान असताना दाईनं त्याला कडेवर घेऊन नेलं आणि पुन्हा शरण घातलं. आता तिसऱ्या वेळी तो स्वतः जातो.

त्या आईच्या बोलण्यावर थांबा जरा. राजाची राणी. राज्याला वारस हवा. आजूबाजूला पुत्र व्हावा म्हणून यज्ञ करणारा समाज. आणि ही बाई पोटावर हात ठेवून म्हणते, मुलगा असो की मुलगी. बाळाची ओळख तिनं आधी धम्मात सांगितली. ते मुलगा की मुलगी हे नंतर कळेल, त्यानं काही अडत नाही.

दुसरी बोधी थेरीगाथेत आहे, आणि ती बाई आहे. थेरीगाथा म्हणजे भिक्षुणींनी स्वतःच्या आयुष्याबद्दल सांगितलेली कवनं. पाटलिपुत्र नगरात दोन भिक्षुणी होत्या, इसिदासी आणि बोधी. दोघी शीलवान, बहुश्रुत, ध्यानात रमणाऱ्या. भिक्षा झाली, जेवण झालं, पात्रं धुतली आणि दोघी निवांत बसल्या. तेव्हा बोधीनं विचारलं, तू देखणी आहेस, वयही सरलं नाही, मग संसारात असं काय पाहिलंस की घर सोडलंस? आणि इसिदासी बोलू लागली. ती उज्जैनीच्या श्रेष्ठीची लेक. साकेतात दिली. पहाटे उठून सासू-सासऱ्यांच्या पाया पडली, दासीसारखी नवऱ्याची सेवा केली, तरी त्यानं टाकली. बापानं दुसरं लग्न लावलं, तिसरं लावलं. तिसरा तर भीक मागणारा होता, तोही पंधरवड्यात गेला. दोष काय, ते कुणी सांगेना.

बोधीनं विचारलं म्हणून ही हकीगत आपल्यापर्यंत आली. आपल्या वस्तीत टाकलेल्या बाया कमी आहेत का? त्यांच्याजवळ बसून 'बाई, काय झालं?' असं विचारणारं कोण आहे?

तेव्हा एकाच नावाचा राजपुत्रही आहे आणि भिक्षुणीही. नावाला त्यानं काही बाधलं नाही.

नावामागच्या झाडाचा इतिहासही असाच. अशोकानं आठव्या शिलालेखात आपण राज्याभिषेकाला दहा वर्षं झाली तेव्हा संबोधीला गेल्याचं सांगितलंय. आधीचे राजे शिकारीच्या सहलीला जायचे, तो धम्मयात्रेला गेला. त्याच आठव्या लेखाचा एक तुकडा आपल्या नालासोपाऱ्यात १८८२ साली मिळाला. आणि बोधिवृक्षाची फांदी सिंहलद्वीपात नेली ती संघमित्रेनं, एका बाईनं. अनुराधपूरला तो वृक्ष आजही आहे. तिथूनच भदन्त आनंद कौसल्यायनांनी रोपं आणली आणि ती नागपूरच्या दीक्षाभूमीवर लागली.

आता पुन्हा आमच्या विहारात येतो.

आजीला मी सांगितलं, 'पोरगी आहे आजी.'

आजी म्हणाली, 'आसूं दे. पुढच्या बारीला पोरगा हुईल.'

ती वाईट मनानं बोलली नाही. आशीर्वादच दिला तिनं. पण भावजयीचा चेहरा उतरला, भाऊ खाली बघू लागला आणि मी, जो दर २५ डिसेंबरला महाडची आठवण सांगत भाषण ठोकतो, तो गप्प राहिलो. त्या दिवशी विहारात मनुस्मृतीचा एक श्लोक माझ्यासमोर जिवंत होता आणि मी काडी ओढली नाही.

आठ दिवसांनी भाऊ जन्मनोंदणीला गेला. खिडकीतल्या माणसानं नाव वाचून विचारलं, मुलाचं की मुलीचं? मुलीचं असेल तर पुढं काहीतरी जोडा, नुसतं बरं दिसत नाही. भाऊ म्हणाला, नुसतंच लिहा. तेवढं तरी त्यानं केलं.

राजा प्रसेनजिताला मल्लिका राणीला मुलगी झाल्याची खबर मिळाली तेव्हा त्याचंही तोंड पडलं होतं. भगवंतांनी त्याला सांगितलं की मुलगी मुलापेक्षाही सरस निघू शकते. बाबासाहेबांनी १९५१ साली 'महाबोधी' नियतकालिकात हिंदू स्त्रीच्या उन्नती-अवनतीवर लेख लिहिला, तेव्हा बुद्धाची बाजू मांडताना हा दाखला दिला होता. आपण तो वाचतो, माना डोलावतो आणि घरी येऊन पेढे मुलग्यालाच वाटतो. महाराष्ट्रात शून्य ते सहा वयात हजार मुलग्यांमागं २००१ साली ९१३ मुली होत्या, २०११ साली ८९४ उरल्या. २०११ च्याच जनगणनेत राज्यात ६५ लाखांवर बौद्ध होते. घटलेल्या मुलींचं पाप दुसऱ्यांच्या दारात टाकून आपण हात झटकू शकत नाही.

म्हणून माझं तुम्हाला एवढंच सांगणं आहे. तुमच्या घरात, गल्लीत कुणी गरोदर असेल तर नाव आधीच ठरवा. पोटात कोण आहे ते न विचारता ठरवा. नाव 'बोधी'च हवं असं नाही, पण ते दोघांनाही चालेल असं असू द्या. आणि एखादी म्हातारी 'पोरगाच हुईल' म्हणाली तर माझ्यासारखं गप्प बसू नका. तिच्याजवळ बसा आणि कौशंबीच्या त्या आईची गोष्ट सांगा. मी उशिरा का होईना, परवा धोंडाआजीला सांगितली. तिनं सगळी ऐकून घेतली. मग म्हणाली, 'आमच्या येळंला आसं कुणी सांगितलं न्हाई रं.' आणि बोधीला मांडीवर मागितलं.

जय भीम.