बहुपदींची वजाबाकी

एका बहुपदीतून दुसरी वजा करून उरणाऱ्या राशीला सोपे रूप देण्याची बीजगणितातील क्रिया. वजा करायच्या बहुपदीतील प्रत्येक पदाचे चिन्ह बदलून ती पहिलीत मिळवतात आणि सजातीय पदे, म्हणजे चले व त्यांचे घातांक सारखे असलेली पदे, एकत्र करतात. बेरीज-वजाबाकी सहगुणकांचीच होते. उदा., (३क्ष² − ५क्ष + ४) − (क्ष² − २क्ष − ६) = २क्ष² − ३क्ष + १०. कंस सोडवताना पहिल्याच पदाचे चिन्ह बदलण्याची चूक हमखास आढळते. तसे केल्यास येथे २क्ष² − ७क्ष − २ असे उत्तर येते. उभ्या मांडणीत नसलेल्या पदाच्या जागी शून्य लिहितात.

इतिहास : धन, ऋण व शून्य यांच्या वजाबाकीचे नियम ब्रह्मगुप्ताच्या ब्राह्मस्फुटसिद्धांतात (इ.स. ६२८) आहेत. भास्कराचार्यांच्या बीजगणितात (१२ वे शतक) अव्यक्तासाठी ‘या’, त्याच्या वर्गासाठी ‘याव’, सुट्या संख्येसाठी ‘रू’ आणि ऋण दाखवण्यासाठी अंकावर टिंब अशी मांडणी आहे. त्यात या वजाबाकीचे खरे काम समीकरण सोडवण्याचे. आजच्या पाठ्यपुस्तकांत मात्र ती सुटा सराव होऊन बसली आहे. एकाकडे ३०० रूपे व ६ घोडे, दुसऱ्याकडे तशाच किमतीचे १० घोडे पण १०० रूपे कर्ज, आणि दोघांची मालमत्ता सारखी, हे भास्कराचार्यांच्या ग्रंथातील प्रसिद्ध उदाहरण. ‘या ६ रू ३००’ व त्याखाली ‘या १० रू १००’ (या १०० वर टिंब) असे दोन पक्ष (समीकरणाच्या बाजू) मांडायचे. खालच्या ‘या’तून वरचा ‘या’ वजा केला की ४ उरतात. वरच्या रूपांतून खालची ऋण रूपे वजा केली की ४०० होतात. ४०० ला ४ ने भागून घोड्याची किंमत १००. दोन्ही पक्षांतील या वजाबाकीला समशोधन म्हणत.

 

अरबी परंपरेत अल्-सामवाल (१२ वे शतक) याने सहगुणक तक्त्यात मांडून बहुपदींवरील क्रिया केल्या. + व − ही चिन्हे योहानेस विडमानच्या १४८९ च्या छापील ग्रंथात आढळतात.

कोटी : वजाबाकीची कोटी मूळ बहुपदींपैकी मोठ्या कोटीहून जास्त नसते, सर्वांत मोठ्या घाताची पदे उडाल्यास ती घटते. दोन्ही बहुपदी समान असल्यास शून्य बहुपदी उरते. तिची कोटी शालेय पुस्तकांत अनिश्चित मानतात.

उपयोग : बहुपदींच्या भागाकारात प्रत्येक पायरीवर.